तेरा मोठे की नऊ? : दशांश अपूर्णांकावरून शेकडेवारी आणि तुलना



आजचा घटक तसा छोटा. दशांश अपूर्णांकाचं शेकडेवारीत रूपांतर करायचं आणि त्यावरून लहान-मोठं ठरवायचं. फळ्यावर नियम लिहिला, चार उदाहरणं सोडवून घेतली की अर्ध्या तासात 'घटक पूर्ण' अशी खूण करता येते. मीही कित्येक वर्षं तशी खूण करत आले. मागच्या वर्षी मात्र हा घटक मला माझ्याच चुकीमुळे नीट शिकवावा लागला, म्हणून तो सविस्तर लिहिते आहे.

शेजारच्या वाडीवरच्या शाळेबरोबर आमच्या सहावी-सातवीच्या मुलांचा लगोरीचा सामना ठरला होता. पहिला चेंडू कोण मारणार, म्हणजे लगोरी फोडायची जबाबदारी कोणाकडे, हे ठरवायचं होतं. आठवडाभर परिपाठाच्या आधी मुलं सराव करायची आणि कोणी किती वेळा फोडली हे मी वहीत लिहायचे. शुक्रवारी वही उघडली. एका मुलाच्या नावापुढे १३, एका मुलीच्या नावापुढे ९. मी मुलाचं नाव जाहीर केलं.

ती मुलगी उभी राहिली. "बाई, तो सात वेळा चुकला. मी तीनदाच चुकले."

मी काय म्हणाले असेन? "अगं, तेरा मोठे की नऊ?" सगळा वर्ग एका सुरात ओरडला, "तेराऽऽ!" ती खाली बसली.

संध्याकाळी दुसऱ्या दिवशीच्या पाठाची तयारी करायला पुस्तक उघडलं, घटक होता शेकडेवारी, आणि एकदम लक्षात आलं की सकाळी वर्गात जे शिकवायला हवं होतं त्याच्या बरोबर उलटं मी शिकवून आले आहे. त्या मुलाने २० वेळा चेंडू मारला होता. तिने १२ वेळा. कारण ती रोज उशिरा पोहोचायची. घरचं पाणी भरायचं, धाकट्या भावाला अंगणवाडीत सोडायचं, मग शाळा. तिला संधीच कमी मिळाली होती, आणि मी ती कमी संधी तिच्याच खात्यावर मांडली होती.

दुसऱ्या दिवशी शनिवारची सकाळची शाळा. मी वही घेऊन वर्गात गेले आणि आधी सांगून टाकलं, "काल माझं गणित चुकलं. आज आपण ते दुरुस्त करू." पाठाची याहून चांगली सुरुवात मला आजवर सापडलेली नाही. बाईंचं गणित चुकलं म्हटल्यावर शेवटच्या रांगेतलेसुद्धा पुढे सरकून बसले.

वहीतल्या चार मुलांच्या नोंदी फळ्यावर लिहिल्या. पहिली १२ पैकी ९. दुसरा २० पैकी १३. तिसरी १० पैकी ७. चौथा ८ पैकी ५. प्रत्येकाच्या संधी वेगळ्या, म्हणून नुसते फोडलेले आकडे शेजारी ठेवून चालत नाही, हे मुलांना चटकन पटलं. मग भागाकार केले. ९ ÷ १२ = ०.७५, १३ ÷ २० = ०.६५, ७ ÷ १० = ०.७ आणि ५ ÷ ८ = ०.६२५.

"आता सांगा, सगळ्यात चांगला नेम कोणाचा?"

शिक्षकहो, उत्तर ऐका. निम्म्याहून जास्त वर्गाने सांगितलं, चौथ्याचा. का? तर सहाशे पंचवीस सगळ्यात मोठे. त्यानंतर पंच्याहत्तर, मग पासष्ट, आणि सगळ्यात शेवटी बिचारी सात. म्हणजे ज्याचा नेम खरं तर सगळ्यात कमी, तो पहिला. आणि दुसऱ्या क्रमांकाची मुलगी तळाला.

ही चूक मंद मुलांची नाही, हुशार मुलं ती जास्त आत्मविश्वासाने करतात. पहिलीपासून आपणच त्यांना शिकवलेलं असतं की जास्त अंकांची संख्या मोठी. पूर्ण संख्यांत ते शंभर टक्के खरं आहे. दशांश चिन्हाच्या उजवीकडे गेल्यावर हा नियम मेला, हे त्यांना कोणी सांगतच नाही. त्यात आपण ०.६२५ हे 'शून्य पूर्णांक सहाशे पंचवीस' असं वाचतो आणि चुकीला खतपाणी घालतो. मी आता वर्गात 'शून्य दशांश चिन्ह सहा दोन पाच' असंच वाचून घेते. सुरुवातीला जीभ अडखळते, पण 'सहाशे' हा शब्द कानावर पडत नाही, हा मोठा फायदा.

आता शेकडेवारी. 'दशांश चिन्ह दोन घरं उजवीकडे सरकवा आणि टक्क्याचं चिन्ह द्या' हा नियम आपल्या सगळ्यांना पाठ आहे. तो बरोबरही आहे. पण फक्त नियम दिला की ०.७ चे ७ टक्के होतात, कारण सरकवायला दुसरं घर दिसतच नाही. म्हणून नियम शेवटी द्या. आधी शब्द फोडा. शेकडेवारी म्हणजे शेकड्यामागे किती. विटांचा भाव शेकड्यावर सांगतात, हे मुलांनी ऐकलेलं असतं. बँकेच्या व्याजात 'द.सा.द.शे.' असतं, म्हणजे दर साल दर शेकडा. टक्का म्हणजे शंभरातला एक भाग, शतांश. बस, एवढंच. दशांश चिन्हानंतरचं दुसरं घर शतांशाचंच आहे. म्हणजे ०.७५ म्हणजे ७५ शतांश, म्हणजेच ७५ टक्के. रूपांतर म्हणून वेगळं काही करायचंच नाही, तीच संख्या शतांशात वाचायची.

०.७ चं काय? सात दशांश. एका दशांशात दहा शतांश असतात, म्हणून सत्तर शतांश, ७० टक्के. इथे मुलं अडली तर पैसे काढा. ०.७ रुपया म्हणजे सात पैसे की सत्तर पैसे? हल्ली पैशांची नाणी मुलांच्या हातात येत नाहीत, त्यामुळे हे उदाहरण पूर्वीइतकं चालत नाही हेही खरं. मला जास्त उपयोग झाला तो शंभर मण्यांच्या माळेचा. आपल्या बहुतेक शाळांत ती असते, दहा-दहा मणी दोन रंगांत आलटून पालटून ओवलेले. पूर्ण माळ म्हणजे १. मग ०.७ म्हणजे दहा-दहाचे सात गट, सत्तर मणी. तिथे कपड्याचा चिमटा लावायचा. ०.६५ ला पासष्टाव्या मण्यापाशी चिमटा. ०.६२५ ला? मुलं बासष्टाव्या मण्यापर्यंत मोजत गेली आणि थांबली. पाच सहस्रांश उरले होते. एका शतांशात दहा सहस्रांश, म्हणजे पाच सहस्रांश हा अर्धा मणी. एका मुलाने चिमटा सरळ त्रेसष्टाव्या मण्यावर मधोमध बसवला. साडेबासष्ट टक्के! त्या क्षणी 'सहाशे पंचवीस' वर्गातून निघून गेले.

चार चिमटे एकाच माळेवर लागल्यावर क्रम वेगळा शिकवावा लागला नाही. ७५, ७०, ६५, ६२.५. पहिली ती. ज्याला मी निवडलं होतं तो तिसरा. तो स्वतःच म्हणाला, "बाई, मग माझ्याआधी दोघी आहेत की." पोरं आपल्यापेक्षा मोकळ्या मनाची असतात.

इथे एक प्रामाणिक मुद्दा. दोन दशांश अपूर्णांकांची तुलना करायला शेकडेवारी लागतेच असं नाही. ०.६२५, ०.६५०, ०.७००, ०.७५० अशी शेवटी शून्यं देऊन घरं सारखी केली तरी काम होतं, आणि तीही रीत मुलांना यायला हवी. शेकडेवारी वेगळं काही करत नाही, ती सगळ्यांना एकाच मापात, शतांशात, आणून ठेवते. फरक इतकाच की ०.६२५ हे घरी आजीला सांगून कळत नाही आणि साडेबासष्ट टक्के लगेच कळतं.

मग मागून एक हात वर झाला. "बाई, मी दोनदाच मारला होता चेंडू. दोन्ही वेळा लगोरी फुटली. माझं किती?" २ ÷ २ = १, म्हणजे १.००, म्हणजे १०० टक्के. वर्गात हशा. पण प्रश्न खरा होता आणि तो हसण्यावारी नेऊ नका. टक्केवारी तुलना सोपी करते, पण ती किती संधींवरून काढली हे लपवते. दोन चेंडूंवरचे शंभर टक्के आणि बारा चेंडूंवरचे पंच्याहत्तर टक्के यांत कोणावर भरवसा ठेवाल? मुलांनीच तोडगा काढला. मधल्या सुट्टीत पहिल्या तिघांना आणि या नव्या उमेदवाराला प्रत्येकी वीस चेंडू. तिने २० पैकी १४ वेळा फोडली, बाकीचे तिच्या मागे राहिले. पंच्याहत्तरचे सत्तर टक्के झाले, तेही मुलांनी लिहून ठेवलं. सामन्यात पहिला चेंडू तिनेच मारला. सामना आम्ही हरलो, पण तो नेमामुळे नाही, पळण्यात कमी पडलो.

पुढच्या आठवड्यात मी मुलांना घरातले, गावातले दशांश शोधून आणायला सांगितलं. तिथे एक मजेशीर घोटाळा झाला, तो तुमच्याही वर्गात होईल. दोघा-तिघांनी डेअरीतल्या दुधाच्या पावत्या आणल्या. म्हशीच्या दुधाला फॅट ६.५. नियम ताजा ताजा शिकलेला, त्यामुळे दशांश चिन्ह दोन घरं सरकलं आणि उत्तर आलं ६५० टक्के. मी विचारलं, म्हणजे शंभर ग्रॅम दुधात साडेसहाशे ग्रॅम फॅट? ज्याची म्हैस होती तोच आधी हसला. पावतीवरचे ६.५ हे आधीच टक्के आहेत. शंभर ग्रॅम दुधात साडेसहा ग्रॅम स्निग्धांश. दशांशात लिहायचं तर ते ०.०६५. म्हणून समोरची संख्या कशाची आहे हे विचारल्याशिवाय चिन्ह हलवायचं नाही, असा नियम मुलांनी वर्गाच्या भिंतीवर लावला.

मात्र शंभरच्या वर गेलेलं प्रत्येक उत्तर चूक नसतं. क्रिकेटमध्ये ३० चेंडूंत ४५ धावा केल्या तर ४५ ÷ ३० = १.५ आणि स्ट्राइक रेट १५०. स्ट्राइक रेट म्हणजे शंभर चेंडूंमागे धावा, दुसरं काही नाही. एका चेंडूवर एकाहून जास्त धावा होऊ शकतात, म्हणून १५० चालतं. बारा चेंडूंत तेरा वेळा लगोरी फुटू शकत नाही, म्हणून तिथे शंभरच्या वर चालत नाही. क्रिकेटवेड्या मुलांसाठी आणखी एक खरं उदाहरण देते. कसोटी अजिंक्यपद स्पर्धेत कोरोनामुळे काही मालिका झाल्याच नाहीत, तेव्हा नोव्हेंबर २०२० मध्ये आयसीसीने क्रमवारी एकूण गुणांऐवजी गुणांच्या टक्केवारीवर लावायचं ठरवलं. भारताचे ४८० पैकी ३६० गुण होते, ऑस्ट्रेलियाचे ३६० पैकी २९६. गुण भारताचे जास्त. पण ३६० ÷ ४८० = ०.७५ आणि २९६ ÷ ३६० = सुमारे ०.८२२. भारत पहिल्यावरून दुसऱ्या क्रमांकावर गेला. हे ऐकून वर्गात जी नाराजी पसरली ती पाहून मी त्या मुलीकडे पाहिलं. ती हसत होती. तिचा हिशेब आयसीसीला मान्य होता!

वर्तमानपत्रातून आणलेली धरणांची बातमी मात्र मला सगळ्यात मोलाची वाटली. पुणे जिल्ह्यातल्या वाचकांना हे आकडे तोंडपाठ असतील. खडकवासला साखळीतल्या चार धरणांचा उपयुक्त साठा असा: खडकवासला १.९७ टीएमसी, पानशेत १०.६५, वरसगाव १२.८२ आणि टेमघर ३.७१. मिळून २९.१५. एक टीएमसी म्हणजे शंभर कोटी घनफूट, हेही एकदा सांगून टाका, मुलं टीएमसी हे पावसाचं नाव समजतात. आता उदाहरणासाठी समजा, एका दिवशी खडकवासल्यात १.५८, पानशेतमध्ये ६.३९, वरसगावात ६.४१ आणि टेमघरमध्ये १.६७ टीएमसी पाणी आहे. सर्वांत जास्त पाणी कुठे? वरसगावात. सर्वांत कमी? खडकवासल्यात. आता प्रत्येक साठ्याला त्या धरणाच्या क्षमतेने भागा. खडकवासला ०.८०२, पानशेत ०.६, वरसगाव ०.५, टेमघर ०.४५. म्हणजे अनुक्रमे सुमारे ८०, ६०, ५० आणि ४५ टक्के. ज्यात पाणी सगळ्यात कमी, तेच धरण सगळ्यात जास्त भरलेलं. वरच्या तिन्ही धरणांचं पाणी खडकवासल्यातच येतं आणि ते आकाराने लहान, म्हणून मुठा नदीत पाणी सोडल्याची बातमी तिथूनच येते. टीएमसीचा आकडा सांगतो प्यायला किती आहे. टक्का सांगतो दरवाजे कधी उघडतील. नदीकाठच्या घरांना दुसरा आकडा जास्त महत्त्वाचा.

याच उदाहरणात एक खड्डा आहे, त्यात मी स्वतः पडणार होते. चारही धरणं मिळून किती टक्के भरली? ८०, ६०, ५०, ४५ यांची सरासरी काढली तर ५८.७५ येते. ती चूक. चिमुकल्या खडकवासल्याचे ८० टक्के आणि अवाढव्य वरसगावचे ५० टक्के एका तराजूत बसत नाहीत. आधी पाणी मिळवा: १.५८ + ६.३९ + ६.४१ + १.६७ = १६.०५. मग १६.०५ ÷ २९.१५ = सुमारे ०.५५. म्हणजे ५५ टक्के. टक्क्यांची सरासरी काढायची सवय शिक्षकांनाही असते. चार वर्गांच्या उपस्थितीची टक्केवारी मिळवून चारने भागायची, असं करतो ना आपण? पटसंख्या सारखी नसेल तर ते चुकतं.

शेतकरी पालकांसाठी एक प्रयोग सुचवते. पेरणीआधी घरच्या सोयाबीनची उगवणशक्ती बघतातच. शंभर दाणे ओल्या गोणपाटात ठेवले तर जितके उगवले तितके टक्के, भागाकाराचीही गरज नाही. शंभरच का घेतात, हे मुलाला आधी विचारा. मग दोन पोत्यांतले दाणे मुद्दाम वेगळ्या संख्येने घ्या. पहिल्यातले ५० घेतले आणि ३६ उगवले, दुसऱ्यातले ४० घेतले आणि २७ उगवले, असं समजू. ०.७२ आणि ०.६७५. इथेही घाईघाईत ६७५ मोठे वाटतील. पण ७२ टक्के आणि साडेसदुसष्ट टक्के. सोयाबीनला किमान ७० टक्के उगवण धरतात, म्हणजे पहिलं पोतं पेरायला चालेल आणि दुसरं पेरलं तर एकरी बियाणं वाढवावं लागेल. चुकलं तर किती खर्च अंगावर येतो हे मुलांना घरून माहीत असतं.

आणि पालकहो, एक विनंती. मागच्या सत्रात एक वडील प्रगतिपत्रक घेऊन आले. "गणितात ३८ आणि मराठीत १७च? मराठीचं काय करायचं हो बाई?" मुलगा बाजूला मान खाली घालून उभा. गणिताची चाचणी ५० गुणांची होती, मराठीची २०. ३८ ÷ ५० = ०.७६ आणि १७ ÷ २० = ०.८५. मी मुलालाच फळ्यावर ते करून दाखवायला सांगितलं. त्याने केलं, ७६ आणि ८५ टक्के लिहिलं, आणि वडिलांकडे बघितलं. वडील जरा वेळ फळ्याकडे बघत राहिले, मग म्हणाले, "घरी जाताना भेळ खाऊ."

सरावासाठी थोडी उदाहरणं देते. ०.३, ०.२८ आणि ०.१९५ यांचा उतरता क्रम लावा. ०.०७ आणि ०.७ यांचे टक्के किती? एका वर्गात २५ पैकी २१ मुलं हजर, दुसऱ्यात ४० पैकी ३४. कोणत्या वर्गाची उपस्थिती जास्त, आणि दोन्ही वर्ग मिळून किती टक्के? उत्तरं अशी: ३०, २८ आणि १९.५ टक्के, म्हणजे दिलेलाच क्रम उतरता आहे. मग ७ टक्के आणि ७० टक्के. शेवटच्यात ८४ आणि ८५ टक्के, दुसरा वर्ग पुढे. मिळून ६५ पैकी ५५, म्हणजे सुमारे ८४.६ टक्के. साडेचौऱ्याऐंशी बरोबर का नाही, हे मुलांना आधी आपसात भांडू द्या. लगेच सांगू नका.